देशीला सकाळी आठ, परमिट रूमला साडेअकरा!

कापूस वेचणी ऐन भरात असताना मोताळा तालुक्यातील एका गावच्या नऊ-दहा बाया धामणगाव बढे येथे आमच्याकडे आल्या. गावाचे नाव मुद्दाम लिहीत नाही. दुकानदार गावातलाच आहे, बायांना त्याच गल्लीतून रोज पाणी आणायचे आहे आणि प्रकरण अजून अर्जाच्या पायरीवर आहे. त्यांच्याजवळ दारूबंदीचे निवेदन होते. अशी निवेदने आम्ही वकिलीच्या वीस वर्षांत किती लिहिली आणि किती पोहोचवली, याचा हिशेब आमच्याकडे नाही. सवयीने आम्ही कागद पुढे ओढला आणि 'गावातील देशी दारूचे दुकान कायमचे बंद करणेबाबत' असा विषय टाकला.

तेव्हा त्यांच्यातली एक वयस्क बाई म्हणाली, "वकीलसाहेब, कायमचं बंद व्हईल तवा व्हईल. पह्यले ते सकायचं बंद करून द्या. आमचा मानूस कामाले जायाच्या आंधीच तिकडे जाते. मंग कायचं काम अन् कायची मजुरी?"

आमची लेखणी तिथेच थांबली. आजवर आम्ही सारे दारूबंदी मागत राहिलो. दुकान किती वाजता उघडते आणि किती वाजता बंद होते, हा प्रश्न आम्ही कधी कायद्याच्या कागदावर मांडलाच नाही. रात्री उशिरा बार चालू असतो म्हणून शहरातले लोक ओरडतात, वर्तमानपत्रे त्यावर बातम्या करतात. मजुराच्या घराला रात्रीइतकीच सकाळ महाग पडते, हे आम्हाला त्या माउलीने शिकवले.

आता कायदा काय म्हणतो ते पाहू. आपल्या राज्यात मुंबई दारूबंदी अधिनियम, १९४९ आहे, ज्याला आता महाराष्ट्र दारूबंदी अधिनियम म्हणतात. नाव दारूबंदीचे आणि काम दारू विकण्याचे परवाने देण्याचे! कागदोपत्री आजही प्रत्येक पिणाऱ्याजवळ परवाना असावा लागतो. म्हणूनच बारला 'परमिट रूम' म्हणतात. दोन-पाच रुपयांचा एक दिवसाचा परवाना दुकानातच फाडता येतो आणि तो किती लोक फाडतात हे सर्वांना माहीत आहे. असो. या कायद्याखालच्या नियमांनी दुकानांचे प्रकार केले आहेत आणि प्रत्येक प्रकाराला वेळ बांधून दिली आहे. देशी दारूचे किरकोळ दुकान, म्हणजे सीएल-३, सकाळी ८ वाजता उघडू शकते आणि ग्रामीण भागात रात्री १० वाजता ते बंद झाले पाहिजे. विदेशी मद्याचे दुकान, ज्याला आपण वाईन शॉप म्हणतो, त्याला सकाळी १० ची वेळ आहे. आणि परमिट रूम सकाळी साडेअकरापूर्वी उघडता येत नाही. ती रात्री साडेअकरापर्यंत चालते, मुंबई-पुण्यासारख्या पोलीस आयुक्तालयांच्या हद्दीत दीडपर्यंत.

वाचकांनी हे तीन आकडे एकाखाली एक लिहून पाहावेत. आठ, दहा, साडेअकरा. ज्याच्या खिशात जास्त पैसा, त्याची दारू उशिरा उघडते. ज्याच्या खिशात काल संध्याकाळची मजुरी किंवा मालकाकडून घेतलेली उचल आहे, त्याची दारू कामावर जाण्याच्या वेळेलाच उघडते. कार्यालयात जाणारा साहेब सकाळी दहाला कामावर पोहोचतो, तेव्हा त्याचा बार बंद असतो. शेतात जाणारा मजूर सकाळी आठला घराबाहेर पडतो, तेव्हा त्याचे दुकान त्याची वाट पाहत उघडे असते. वेळा ठरवताना कोणाच्या मनात काय होते, हे आम्ही सांगू शकत नाही. परिणाम मात्र आमच्या डोळ्यांसमोर आहे.

आणि हा झाला कागदावरचा हिशेब. खेड्यात आठ वाजतात कुठे? शटर आठला वर जाते, पण मागची खिडकी सहालाच उघडते. सहाला गेलेला माणूस आठपर्यंत कामाच्या लायकीचा राहत नाही. वेचणीच्या दिवसांत मजुरी किलोवर मिळते. बाई एकटी गेली तर एकटीचाच कापूस तोलला जातो. नवरा गेला नाही म्हणून घरी येणारा पैसा अर्धा होतो आणि त्या अर्ध्यातलाही काही भाग संध्याकाळी पुन्हा त्याच खिडकीकडे जातो. आठवडी बाजाराच्या दिवशी, हप्त्याचा चुकारा हातात पडतो त्या दिवशी तर विचारूच नका.

बरे, हे दुकान गावात कुठे असते? आम्ही पाहिलेल्या बहुतेक गावांत ते पाटलाच्या वाड्यासमोर नाही, गावाच्या एका टोकाला, आपल्या वस्तीच्या तोंडाशी आहे. लेकरे त्याच्यासमोरून शाळेत जातात. शाळा आणि धार्मिक स्थळापासून ठरावीक अंतराच्या आत नवीन दुकानाला परवानगी देता येत नाही, असा नियम आहे. पण त्या नियमात धार्मिक संस्थेची व्याख्याही दिली आहे. ते प्रार्थनास्थळ मुंबई सार्वजनिक विश्वस्त व्यवस्था अधिनियम, १९५० खाली नोंदणी झालेल्या विश्वस्त संस्थेच्या मालकीचे किंवा व्यवस्थापनाखालचे असावे लागते. आता धम्मबांधवांनी प्रामाणिकपणे सांगावे, आपल्या गावचे बुद्ध विहार नोंदलेले आहे काय? वर्गणी काढून विहार बांधले, मूर्ती बसवली, निळा-पंचरंगी झेंडा लावला, दर पौर्णिमेला वंदना होते. पण धर्मादाय कार्यालयात नोंदणीचा अर्ज कोणी दिला नाही. मग दुकानाचा प्रस्ताव येतो, अधिकारी मोजमापाला येतात आणि कागदावर तिथे विहार नसतेच! नुसती एक इमारत असते. दुकान आधीचे आणि विहार नंतरचे असेल तर या नियमाचा उपयोग नाही, हेही लक्षात ठेवावे. पण दुकानाच्या स्थलांतराचे प्रस्ताव सतत येत असतात. तेव्हा नोंदणीचा एक कागद जे काम करील, ते दहा मोर्चे करू शकत नाहीत.

मूळ मुद्दा वेळेचा. वेळ ही अनुज्ञप्तीची, म्हणजे परवान्याची अट आहे. ती दुकानदाराने पाळली तर उपकार नाही आणि मोडली तर किरकोळ गोष्ट नाही. दारूचा धंदा हा कोणाचाही मूलभूत हक्क नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने खोडे डिस्टिलरीज प्रकरणात १९९४ मध्ये स्पष्ट केले आहे. शासन परवाना देते म्हणून तो धंदा चालतो आणि अटी मोडल्या तर अधिनियमाच्या कलम ५४ खाली तो परवाना निलंबित किंवा रद्द करता येतो. मग होत का नाही? कारण त्याच कायद्यात कलम १०४ आहे. निलंबनाऐवजी रक्कम भरून प्रकरण तडजोडीने मिटवण्याची सोय तिथे आहे. 'नियमभंग प्रकरण' नोंदवले जाते, दुकानदार रक्कम भरतो आणि दुसऱ्या दिवशी खिडकी पुन्हा सहाला उघडते. त्याच्या दृष्टीने तो धंद्याचा खर्च आहे, जसा विजेच्या बिलाचा. गरिबाच्या पोराने हातभट्टीची दोन लिटर नेली तर कलम ६५ खाली गुन्हा दाखल होतो, रात्र कोठडीत जाते, जामीनदार शोधत बाप आमच्याकडे येतो. परवानाधारकाने रोज दोन तास कायदा मोडला तर त्याची पावती फाटते.

या ठिकाणी काही कार्यकर्ते आम्हाला विचारतील की, वकीलसाहेब, तुम्ही वेळेच्या गोष्टी करून दारूबंदीच्या मागणीला फाटे का फोडता? पाचवे शील घेतलेल्या माणसाने दारू आठला विकावी की दहाला, यावर वाद कशाला घालायचा? हा आक्षेप आम्ही हलका मानत नाही. १४ ऑक्टोबर १९५६ रोजी नागपूरला दिलेल्या बावीस प्रतिज्ञांत दारू न पिण्याची प्रतिज्ञा आहे आणि ती आम्हाला बंधनकारक आहे. पण त्याच बाबासाहेबांच्या शेड्यूल्ड कास्ट्स फेडरेशनने पहिल्या सार्वत्रिक निवडणुकीसाठी १९५१ मध्ये जो जाहीरनामा काढला, त्यात सरकारी दारूबंदी रद्द करावी अशी मागणी होती! अबकारीचा महसूल बुडतो आणि बंदीमुळे हातभट्टी घराघरांत शिरते, असा त्यामागचा विचार होता. आपल्या व्यासपीठावरून ही गोष्ट कोणी सांगत नाही. सांगायला काहीजणांना संकोच वाटतो. आम्हाला वाटत नाही. माणसाने दारू सोडावी हा धम्माचा आग्रह आहे. सरकारने दारूचे काय करावे हा राज्यकारभाराचा प्रश्न आहे. बाबासाहेबांनी या दोन गोष्टींची गल्लत केली नाही, मग आपण का करावी?

त्याहून जुनी एक गोष्ट आहे. मार्च १९२७ मध्ये, म्हणजे महाडच्या चवदार तळ्याचा सत्याग्रह झाला त्याच महिन्यात, बाबासाहेब मुंबई विधिमंडळात शिक्षणाच्या अनुदानावर बोलले. त्यांनी हिशेब मांडला की, या इलाख्यात सरकार शिक्षणावर डोईमागे १४ आणे खर्च करते आणि अबकारीतून डोईमागे दोन रुपयांहून अधिक वसूल करते. निदान जेवढे दारूतून घेता तेवढे तरी शिक्षणावर खर्च करा, ही त्यांची मागणी होती. आज त्याच हिशेबाने महाराष्ट्र सरकारकडे पाहा. जून २०२५ मध्ये मंत्रिमंडळाने मद्यावरचे शुल्क वाढवले, तेव्हा त्यातून वर्षाला १४ हजार कोटी रुपये जादा मिळतील असे सांगितले गेले. जादा, एकूण नव्हे! यातले देशी दारूच्या दुकानातून, म्हणजे आमच्या वस्तीतून किती येतील आणि आमच्या वस्तीतल्या शाळेकडे किती जातील, हा प्रश्न विधानसभेत विचारायला आज कोण उभा राहतो?

संपूर्ण बंदीचे अनुभवही आपल्यासमोर आहेत. वर्ध्यात १९७०च्या दशकापासून दारूबंदी आहे, गडचिरोलीत १९९३ पासून. गडचिरोलीची बंदी डॉ. अभय बंग आणि डॉ. राणी बंग यांच्यासह अनेकांनी उभारलेल्या लोकआंदोलनातून आली आणि तिथल्या बायांनी ती गावोगाव राखली. चंद्रपुरात पारोमिता गोस्वामी यांच्या श्रमिक एल्गारच्या बाया पायी चालत गेल्या, तेव्हा १ एप्रिल २०१५ पासून बंदी लागू झाली. सहा वर्षांनी, मे २०२१ मध्ये मंत्रिमंडळाने ती उठवली. अवैध दारू वाढली हे कारण दिले गेले. अवैध दारू रोखणे हे ज्यांचे काम, त्यांनी ते केले नाही आणि शिक्षा मिळाली ती बंदी मागणाऱ्या बायांना. बंदी नको असे आम्ही म्हणत नाही. पण बंदीसुद्धा जी यंत्रणा राबवणार, ती सकाळी आठची वेळ पाळून घेऊ शकत नसेल, तर चोवीस तासांची बंदी कशी पाळून घेईल?

गावापुरती बंदी आणायचा रस्ताही कायद्यात आहे. २५ मार्च २००८ च्या आदेशाने तो दिला. गावातल्या किमान २५ टक्के महिला मतदारांनी अर्ज करायचा, सह्या तपासल्या जातात, मग गुप्त मतदान होते. मतपत्रिकेवर उभी बाटली आणि आडवी बाटली. आडवी जिंकली तर दुकान बंद. ऐकायला सोपे आहे. पण आडव्या बाटलीला झालेल्या मतांच्या निम्म्याहून अधिक मते पुरत नाहीत, यादीतल्या एकूण मतदारांच्या निम्म्याहून अधिक लागतात. ऊसतोडीला गेलेली, सुरत-पुण्याला गेलेली, लग्न होऊन सासरी गेलेली पण नाव न कटलेली, इतकेच काय, मरण पावलेली पण यादीत जिवंत असलेली, या साऱ्या बाया उभ्या बाटलीच्या बाजूने मोजल्या जातात. आमदार, खासदार निवडून यायला ही अट लावली तर किती सभागृहे भरतील? तरीही अनेक गावांच्या बायांनी हे मतदान जिंकले आहे, त्यांना आमचा क्रांतिकारी जयभीम. शहरात मात्र चित्र वेगळे आहे. सहकारी गृहनिर्माण संस्थेच्या गाळ्यात दारूचे दुकान टाकायचे असेल तर संस्थेची ना-हरकत लागेल, असे सरकारने मार्च २०२५ मध्ये विधानसभेत जाहीर केले. ठीकच केले. पण जिला संस्था नाही, अध्यक्ष नाही, लेटरहेड नाही, त्या वस्तीची ना-हरकत कोण घेणार?

वेळेने काय फरक पडतो, असे विचारणाऱ्यांसाठी दोन दाखले देतो. पहिल्या महायुद्धात इंग्लंडच्या सरकारला तोफगोळ्यांचे कारखाने चालवायचे होते. कामगार सकाळी पाळीवर जाण्याआधीच गुत्त्यात जात, कारण गुत्ते भल्या पहाटे उघडत. सरकारने १९१५ पासून कारखान्यांच्या भागात दारूविक्री दिवसाला साडेपाच तासांवर आणली आणि सकाळची विक्री बंद केली. युद्ध संपल्यावरही सकाळ पूर्वीसारखी मोकळी झाली नाही आणि दुपारची सुट्टी तर १९८८ पर्यंत टिकली. इंग्लंडला तोफगोळे हवे होते म्हणून मजुराची सकाळ वाचली. आमच्या मजुराची सकाळ कोणाला हवी आहे? दुसरा दाखला ब्राझीलचा. साव पाउलोजवळ दियादेमा नावाचे कामगारांचे शहर आहे, एकेकाळी खुनांसाठी कुप्रसिद्ध. २००२ मध्ये तिथल्या नगरपालिकेने रात्री ११ नंतर बार बंद ठेवण्याचा कायदा केला आणि तो खरोखर राबवला. पुढे संशोधकांनी मोजले तेव्हा खुनांचे प्रमाण चांगलेच उतरलेले दिसले. नुसता कायदा करून हे झाले नाही, रात्री फिरून दारे तपासणारी माणसे नेमली गेली होती.

आपले सरकार वेळेला हात लावत नाही असे नाही. नाताळ आणि ३१ डिसेंबरला दरवर्षी आदेश निघतात, परमिट रूम पहाटे पाचपर्यंत उघडी ठेवायची मुभा मिळते. जानेवारी २०२० मध्ये मुंबईत दुकाने, हॉटेले रात्रभर उघडी ठेवण्याचा निर्णय झाला, तेव्हा बारची वेळ दीडच राहील हे मंत्र्यांना मुद्दाम सांगावे लागले, एवढा तो विषय तापला होता. निवडणुकीत मतदान संपण्याआधीच्या ४८ तासांत दुकाने बंद राहतात, गणेश विसर्जनाला जिल्हाधिकारी कलम १४२ खाली दुकाने बंद ठेवतात. म्हणजे सार्वजनिक शांततेसाठी दुकान बंद ठेवण्याचा अधिकार जिल्हाधिकाऱ्यांजवळ आहे, तो वापरलाही जातो. मिरवणुकीची शांतता ही शांतता आणि घरातली शांतता ही काय मग?

म्हणून आम्ही त्या बायांचा अर्ज फाडून नवीन लिहिला. मागण्या दोनच केल्या. परवान्यात लिहिलेली वेळ पाळली जात नाही, तिची चौकशी करून तडजोड न करता कलम ५४ खाली कारवाई करावी. आणि देशी दारूच्या दुकानांची उघडण्याची वेळ परमिट रूमइतकीच, म्हणजे सकाळी साडेअकरा करावी, असा प्रस्ताव शासनाकडे पाठवावा. सोबत माहितीच्या अधिकारात त्या दुकानाच्या परवान्याची प्रत आणि मागील तीन वर्षांतील नियमभंग प्रकरणांची माहिती मागितली. इतर गावांच्या कार्यकर्त्यांना आमचे सांगणे आहे की, दुकान वेळेआधी उघडे दिसले की ११२ वर फोन करा, फोनची वेळ आपोआप नोंदली जाते. मोबाईलवर चित्रीकरण केले तर तो मोबाईल विकू नका, मूळ चित्रफीत पुसू नका. जुलै २०२४ पासून भारतीय साक्ष अधिनियम लागू आहे, त्याच्या कलम ६३ चे प्रमाणपत्र जोडल्याशिवाय न्यायालयात तो पुरावा टिकत नाही. ते प्रमाणपत्र कसे द्यायचे हे कोणताही वकील सांगेल. न सांगितल्यास आमच्याकडे या. २०१६ च्या दुरुस्तीने ग्रामरक्षक दलाची तरतूदही झाली आहे, ग्रामसभेत ती मागा. दलात आपल्या बाया येतील असे पाहा, नाहीतर त्यातही दुकानदाराचे भाचे-पुतणे बसतील.

अर्जाची पोच मिळाली आहे. चौकशीला अजून कोणी आलेले नाही. तोवर त्या बायांनी शंभर पानी वही आणली, तिच्यावर रकाने आखले आणि पाळ्या लावून घेतल्या. लिहिता येते अशा सातवी-आठवीतल्या दोन मुली आळीपाळीने सोबत असतात. खिडकी उघडली की वेळ लिहायची आणि हजर असलेल्यांनी सही किंवा अंगठा करायचा. पहिल्या पानावरची पहिली नोंद आहे सकाळी ६ वाजून २० मिनिटांची. तिच्यासमोर चार सह्या आहेत आणि एक अंगठा.